पांढऱ्याचे प्रकार

नोकरीच्या पहिल्या महिन्यात मी बर्फ रंगवला.
परभणीत. मे महिन्यात.
वसमत रोडला, सरकीपेंडीच्या दुकानावरच्या मजल्यावर,
आणि कूलरमध्ये पाणी भरायची पाळीही माझीच.
इंटरमिजिएटला बी ग्रेड, एवढंच भांडवल.
"जगात जर्मनी," मुळावेकर सर म्हणाले,
आणि काम खरंच जर्मनीचं निघालं :
एक अस्वल, एक टेकडी, बाकी नुसता बर्फ.
आमच्यात बर्फ पाहिलेला कुणी?
गोळेवाल्याचा पाहिलेला. भुशात गुंडाळलेला.

मग मी जिनिंगच्या आवारात जाऊन बसले.
हंगामातला शेवटचा ढीग.
सकाळी सातला कापूस खालून निळसर असतो,
दुपारी पिवळट,
मुठीत दाबला की मधोमध करडा.
चुन्याची निवळी, सायीची कड,
मिठाच्या पोत्याचा ओला कोपरा.
असे अकरा पांढरे गोळा केले, पट्टी करून पाठवली.
तिकडून उत्तर आलं : बर्फ ओळखीचा वाटतो.
आईला सांगितलं.
ती म्हणाली, पगार वाढंल का मग?

वाढला. पुढं दारावर पाटी लागली,
प्रोडक्शन डिझायनर आणि मॅनेजर.
खुर्ची एकच, बसणाऱ्या दोघी.
सकाळी मी म्हणायचे, लिंबाचं पान न पान हललं पाहिजे.
दुपारी मीच म्हणायचे,
पुढची फांदी तेवढी हलवा, मागचं झाड राहू द्या तसंच.
देवांच्या मालिकेला सतरा महाल लागले,
सतराही महालांना खांब एकच,
उलटा-सुलटा करून वापरलेला.
नसरीनचे रोजे, गजाननच्या बहिणीचं लगीन,
साडेचार तासांचं भारनियमन,
हैदराबादहून न आलेली हार्ड डिस्क,
सगळं तक्त्यात बसायचं.
म्हणजे मी बसवायचे.

मग एकदा आमची स्वतःची फिल्म.
अकरा मिनिटं, नानलपेठेतला घड्याळ दुरुस्तीवाला.
तिच्यात शॉट बेचाळीस :
गच्चीवर एक बाई वाकळ झटकते.
शहाण्णव फ्रेम.
ही बाई गोष्टीत आधी नाही, नंतरही नाही.
विश्वांभर धूळ हातानं काढत होता,
उन्हात शिरणारा एकेक कण,
उन्हातून निघून जाणारा एकेक कण.
नऊ रात्री.
"काय करायलास रे?"
"धूळ करायलो, मॅडम."
"गोष्टीत कुठाय ती?"
"गोष्टीवर बसत नसती का?"

तक्त्यात चार दिवस कमी पडत होते.
मी बेचाळीसवर रेघ ओढली,
पेन्सिलीनं.
पेन्सिलीनं ओढली म्हणून रेघ हलकी होत नाही.
तो काही बोलला नाही. पेनची वायर गुंडाळून ठेवली.
दिवाळीला गेला तो आलाच नाही.
कळलं, जिंतूरला फ्लेक्सचं दुकान टाकलंय,
वाढदिवसाच्या शुभेच्छा, भावी सरपंच वगैरे.

फिल्मला बक्षीस मिळालं.
परीक्षकांनी लिहिलं, "आटोपशीर".
शेवटच्या नावांत मी दोनदा,
तो एकदा,
आडनाव चुकलेलं.

परवा संध्याकाळी चहा घेऊन वर गेले
तर पलीकडच्या गच्चीवर कुणीतरी वाकळ झटकली.
सवयीनं मोजलं.
धूळ उन्हातून बाहेर पडेपर्यंत चार सेकंद.
म्हणजे शहाण्णव.
एक कमी नाही, एक जास्त नाही.

खाली येऊन जुनी डिस्क लावली.
दोनदा खरखरली, मग उघडली.
फोल्डरचं नाव मीच दिलेलं : काढलेले.
आवाज नाही, नुसती बाई, वाकळ, ऊन.
शेवटच्या फ्रेमवर थांबवून धुळीचा रंग उचलला,
माझ्या पट्टीला लावून पाहिला.
अकरांत तो नव्हता.

नंबर आहे माझ्याकडं, जिंतूरचा.
उद्याचा तक्ता समोर आहे :
नऊला वीज मंडळ, सव्वादहाला क्लायंट,
मधला चौकोन
पांढरा.