अकरा नंबर

जहाज खोल पाण्यात उभं होतं, आमच्या गावाएवढं,
गावापेक्षा जास्त खिडक्यांचं.
त्यातले चौदा जण माझ्या वाट्याला आले,
गळ्यात पट्टी, छातीवर नारिंगी जाकीट,
हातात एक गुळगुळीत कागद:
चार तास. कातळ, कांदळवन, समुद्रगरुड. चहा.

चहा सोडला तर यातलं काहीच
माझ्या हातात नाही.
तेवढं कागदावर छापत नाहीत.

धक्क्यावर माणसं मोजण्यात चाळीस मिनिटं गेली.
इनायतमामू होडीच्या नाळेवर बसून
पाण्याकडे बघत होता.
"तेजल, पाणी उतरतंय हां," एवढंच म्हणाला,
आणि परत म्हणाला नाही.

आधी सडा.
फेब्रुवारीतला जांभा, तव्यासारखा.
मी म्हटलं, पावसाळ्यानंतर इथे या,
इथे, ह्या बोटभर मातीत, निळी फुलं येतात,
अशी, एवढीशी.
ते माझ्या बोटांकडे बघत राहिले.
इंदूरच्या ओसवालबाईंनी रिकाम्या दगडाचा
फोटो काढला, माझं मन राखायला.

मग खाडी.
दोन्ही हातांना तिवरं, कांदळ,
चिखलातून वर आलेली श्वासमुळं,
पेन्सिली उलट्या खोचून ठेवल्यासारखी.
मी गरुडाचं झाड दाखवलं, घरटं दाखवलं,
काटक्यांचा तो मोठा भारा.
गरुड नव्हता.
"किती वाजता येतो?" एकाने विचारलं,
एसटीबद्दल विचारावं तसं.

आणि वळणावर होडी बसली.
आवाज नाही, धक्का नाही,
गाय बसते तशी बसली.
मामूने इंजिन बंद केलं. बिडी काढली, परत ठेवली.
भरतीला चार तास. जहाजाला दोन.

कागदात नसलेली ती वीस मिनिटं.
आधी चुळबुळ, मग फोन, फोनला रेंज नाही,
मग कुणीच काही बोलेना,
आणि चिखल चालायला लागला.
म्हणजे निवट्या. डोळे वर काढून, कल्ल्यांवर रांगत,
एकमेकांवर फणा काढत.
एक खेकडा एकच मोठा हात
हलवत होता, हलवतच होता,
आणि फिनलंडचा तो उंच पेक्का,
सकाळपासून अक्षरही न बोललेला,
त्याला हात हलवून उत्तर देत होता.

"उतरा," मामू म्हणाला.
याचं भाषांतर मला करावं लागलं नाही.
गुडघाभर रेवा. किंचाळ्या, मग हसू.
पलीकडे कालवं फोडत होत्या सुगंधाकाकू आणि त्यांची जाऊ,
कोयते कमरेला खोचून त्याही आल्या.
"जोर लावा रे, खाल्लंत काय जहाजावर नुसतं पाव?"
चौदा पाठी वाकलेल्या, चौदा माना खाली,
आणि तेव्हाच तो वरून गेला,
पोट पांढरं, पंख पसरून, नखांत साप लोंबता,
इतका खाली की सावली माझ्या हातांवरून गेली.

मी बोलले नाही.
बोलले असते तर त्यांनी हात सोडले असते.

होडी सुटली. आम्ही वेळेत पोचलो.
चहा राहिला.
पेक्का एका पायाने शिडी चढला, दुसरा पाय मोज्यात,
वर उभा राहून मोठा हात हलवत,
हलवतच.

चौथ्या दिवशी सुगंधाकाकू पाटी घेऊन दारात.
कालवांच्या खाली डावा बूट, अकरा नंबर.
"घे, तुझा पाव्हणा चिखलात सापडला."
आत एक इवलासा खेकडा, घर केलेला.
त्याला खाडीत सोडून आले, बूट धुतला,
जाकिटांच्या शेजारच्या खिळ्याला टांगला.

उजवा आता कोचीच्या पलीकडे असेल.
उद्या दुसरं जहाज आहे.
मी मामूला भरतीचं कोष्टक विचारलं.
त्याने बुटाकडे बघितलं
आणि म्हणाला, "लवकर बोलाव त्यांना.
नायतर उशिरा. मधी नको."