दोन पौंड, एक औंस

कोनी आयलंडला बेट म्हणायचं ते आता सवयीनं.
खाडी कधीच बुजवली. नाव उरलं,
आणि वाळू, जी कुणाच्याच नावावर राहत नाही.

कॉन्चेत्ता स्पादारो, वय अठ्ठ्याऐंशी,
फळ्यांच्या वाटेवर बाक धरून बसते,
पाठ समुद्राकडे.
समुद्र काय, तो कुठं जातोय, म्हणते.
ती बघते लाकडी रोलर कोस्टरकडे.
सकाळी सातला हातोडी घेऊन एलिहिओ
रुळावरून चालत वर चढतो, टक्, टक्,
लाकूड काय बोलतं ते ऐकत.

सातव्या महिन्यात आली ती.
इस्पितळात म्हणाले, नाव ठेवायची घाई नको.
बाप पाववाला. त्यानं पोर गुंडाळली
भट्टीवरून काढलेल्या ऊन फडक्यात
आणि थेट जत्रेत आणली.
जत्रेतच. काचेच्या गरम पेट्या
त्या साली तिथंच होत्या:
अलीकडे दाढीवाली बाई, पलीकडे उकडलेले मके,
मध्ये पांढऱ्या कपड्यांतल्या नर्सा,
आणि दारात घसा फोडणारा एक पोऱ्या,
या, बघा, जिवंत बाळं, पंचवीस सेंट!

आपल्याकडे सटवी पाचव्या रात्री येते,
कुणाला न दिसता कपाळावर लिहून जाते.
इथं ती भर दुपारी आली असणार,
रांगेत उभी राहून, नाणं मोजून,
काचेला नाक लावून.

दाराशी पाटी. खडूनं रोजचं वजन.
दोन पौंड, एक औंस.
दोन पौंड.
(त्या दिवशी बाप जेवला नाही.)
दोन पौंड, तीन.
एक नर्स बोटातली अंगठी काढायची,
बाळाच्या मनगटातून दंडापर्यंत सरकवून दाखवायची.
लोक हळहळायचे. शेंगा खात हळहळायचे.

आईबापांना आत फुकट होतं.
तरी साल्वातोरे स्पादारो दर रविवारी
रांगेतून तिकीट काढून यायचा.
माझी आहे, असं म्हणायचं कसं?
उद्या पाटी पुसलेली असली तर?
आणि त्याला ऐकायचं असायचं
परकी माणसं काय म्हणतात ते.
एकदा हिरव्या टोपीतली एक बाई म्हणाली,
ही चौथी बघा, मूठ कशी आवळते. ही कसली मरतेय!
त्या टोपीसाठी तो जन्मभर
दुकानात एक पाव बाजूला काढून ठेवायचा.

पुढचं सगळ्या गावाला ठाऊक आहे.
दिवे होते, इतके की बोटीवरून येणाऱ्यांना
बाईच्या पुतळ्याआधी हेच दिसायचं, म्हणत.
आगी लागल्या. मनोरे गेले.
मग बुलडोझर, मग मागे उंच उंच चाळी,
मग ती वर्षं जेव्हा पाळण्यांतून गवत उगवलं
आणि पॅराशूटचा खांब पॅराशूटशिवाय उभा राहिला,
लग्न मोडलेल्या घरातल्या मांडवासारखा.

सोळाव्या वर्षी ती वजन ओळखणाऱ्याच्या ठेल्यावर गेली.
त्यानं वरखाली पाहिलं. एकशे एकोणीस!
काटा एकशे सातवर थांबला.
प्लास्टरची बाहुली जिंकली तिनं,
आणि ठेल्यामागे जाऊन रडली. का, ते बाहुलीलाही कळलं नाही.

नंतर अडतीस वर्षं कोस्टरच्या तिकीटखिडकीत.
कुणा पोराचे पाच-दहा सेंट कमी पडले
तर म्हणायची, जा वर. माझ्याकडे लोकांचे बरेच निघतात.
मालकानं एकदा हिशेब मागितला.
तिनं दंड दाखवला.
त्याला काही कळलं नाही.

एलिहिओ खाली उतरतो. काय म्हणतंय लाकूड?
कुरकुरतंय, म्हणतो. म्हणजे ठीक आहे.

आता दर महिन्याला दवाखान्यात तिला काट्यावर उभं करतात.
शहाण्णव. पुढच्या खेपेला चौऱ्याण्णव.
नर्स कोवळी, ओडेसाकडची,
आकडा हळूच लिहिते, कागदावर हात धरून.
कॉन्चेत्ता काट्यावरून उतरत नाही.
मोठ्यानं वाच गं, म्हणते,
बाहेर लोक ताटकळलेत.