न मोजलेलं

स्क्रू अंड्यांच्या ट्रेमध्ये ठेवायचे, खळग्याखळग्यात,
काढले त्याच क्रमाने, असं ग्विलिमने सांगितलं,
दहाचा पाना हातात दिला आणि कुंपण ओलांडता ओलांडता म्हणाला,
"शेवटी एक उरतोच. घाबरू नकोस."

जून आहे. ट्रेल्यूचा वारा सकाळपासून
शेडचा पत्रा धरून हलवतोय.
गाडी बाबांची, रेनो बारा, शहाऐंशी सालची.
आता माझी, म्हणजे कागदावर अजून त्यांचीच.
हीटर आतल्या आत गळतो. काचेवर गोडसर वाफ धरते,
पायाखालचा गालिचा ओला. तक्रार एवढीच.
पण हीटर सगळ्यांच्या मागे दडून बसलेला,
त्याच्यापर्यंत पोचायचं तर आधी
गाडीचा चेहराच उतरवावा लागतो.

स्टिअरिंगचा नट हलेना.
त्याला रॉकेल पाजलं, वाट पाहिली,
मग आईदेखत एक शिवी घातली. शिवीने हलला.
राखदाणीत राख नव्हती, सूर्यफुलाच्या बियांची टरफलं होती,
बाबांनी सिगारेट सोडल्यानंतरची.
डावी कड तडकली, खारी मोडावी तशी.
आई रंगाच्या डब्यावर बसून, अंगात दोन कोट,
येर्बाची नळी चोखत म्हणाली,
"त्यांच्या हातून नसती तडकली."

चारदा ओढल्यावर डॅशबोर्ड एकदम सैल झाला
आणि माझ्या मांडीवर येऊन पडला,
दाराएवढा लांब, आणि इतका हलका
की मला उगाच वाईट वाटलं.
मागे वारा साठला होता, म्हणजे त्याने आणलेली माती,
चाळलेल्या पिठासारखी. त्या मातीत एक केसांची पिन,
ऑस्ट्रालचं एक नाणं (ते चलन मी शाळेत असतानाच मेलं),
आणि प्लास्टिकच्या आतल्या अंगाला मेणखडूने लिहिलेलं ४१,
शेजारी बरोबरची खूण.
कोर्दोबाच्या कारखान्यातल्या कुणीतरी
कधीच दिसणार नाही अशा जागी
नीट वळणदार एक्केचाळीस काढला होता.

मग मीटर.
काटा शून्यावर, आकडा ९४,३१२.
अकरा वर्षं हाच आकडा. बाबा म्हणायचे,
केबल तुटलीये, पार्ट मिळत नाही.
केबल तुटलेली नव्हती.
सोडवून बाजूला बांधली होती, निळ्या टेपचे सात वेढे,
टेपचं टोक आत दुमडलेलं, उद्या उकलायला सोपं जावं म्हणून.
गिरणीत ते धाग्याचं टोक असंच सोडून ठेवायचे.

मी काही विचारायच्या आत आई म्हणाली,
"बॅटरी मी धरली होती."

गिरणी बंद पडली त्या महिन्यात गाडी विकायची ठरली.
कमी धावलेली दिसली की चार पैसे जास्त येतील.
"घेणारा बुधवारी येणार होता. आला नाही.
दुसऱ्या बुधवारीही नाही.
मग बाबा म्हणाले, आता मोजतंय कोण?"

मग ते समुद्राकडे जायला लागले.
रॉसनपर्यंत, मग प्लाया उनिओन,
मग एकदा दक्षिणेला, पेट्रोल संपेल इतकं.
"तू ब्यूनोस आयरेसला होतीस," आई म्हणाली.
"फोनवर विचारायचीस ना, कंटाळा येतो का."
मी विचारायची. खरंच.
आणि ते म्हणायचे, नाही गं, घरीच असतो.

नवा हीटर बसायला दोन रविवार गेले.
ग्विलिम एकदा येऊन नुसता बघून गेला.
तडकलेल्या कडेला मी आतून पट्टी चिकटवली,
४१ झाकणार नाही अशी.
केबल हातात घेऊन बराच वेळ बसले,
मग लावून टाकली. आईला विचारलं नाही.

पुलाजवळ शेवटचा आकडा हलला,
दोन अर्धा वर गेला, तीन अर्धा आला,
आणि दोघं तसेच अडकून राहिले
सिग्नल सुटेपर्यंत.
आईने मीटरकडे पाहिलंसुद्धा नाही.
हातमोजे काढून तळवे जाळीसमोर धरले,
म्हणाली, "आता गरम येतंय. रॉसनला चल."

माझ्या खिशात एक स्क्रू आहे.