उत्तरेस मोकळी जागा

मी रुखमाजी लिंबाजी पांचाळ, वय अठ्ठावन्न,
धंदा लोहारकाम, राहणार जिंतूर, ठाण्यासमोर.
ठाण्यासमोर राहतो म्हणूनच पंच.
जमादाराला खिडकीतून माझा भाता दिसतो;
हाक आली की हात पुसत जीपमध्ये बसतो.
चाळीसेक पंचनाम्यांवर माझी सही आहे:
विहिरी, कडब्याच्या गंजी, जळालेल्या मोटारसायकली,
एकदा एक शेळी.

आज पूर्णेचं पात्र.
पूर्वेस बाभळी व त्यापलीकडे सरकारी गायरान.
पश्चिमेस उपशाचा खड्डा, पुरुषभर, पाणी साचलेले.
दक्षिणेस डंपरच्या चाकांच्या खुणा, ओल्या.
उत्तरेस...
जमादार थांबला.
उत्तरेला भाऊसाहेबांच्या क्रशरची भिंत होती,
भिंतीवर ते स्वतः, हात जोडून, दहा फूट.
"उत्तरेस मोकळी जागा," फौजदार म्हणाले.

मयत इसम नामे आश्रुबा, सज्जाचा कोतवाल.
डंपरचे नंबर तळहातावर लिहायचा.
म्हणायचा, कागद हरवतो, हात कुठं हरवतोय.
डावा तळवा कुणीतरी वाळूनं घासून घासून
कोरा केला होता.

फोन वाजला. उकिडवे बसलेले फौजदार
उभे राहिले, भर नदीत, एकटेच.
टोपी नीट केली. फोनला टोपी दिसत नाही.
"हो. हो साहेब. नाही, तसं काही नाही."

आजा सांगायचा, निजामाच्या अमलात
अमीन असाच उभा राहायचा,
घोडं अजून ओढ्यापलीकडं असताना.
कागद उर्दूत. आजाला उर्दू येत नव्हती, अंगठा येत होता.
त्या साली आमच्या भट्टीत भाले ठोकले गेले:
दिवसा रझाकारांना, फुकट,
रात्री रानातल्या पोरांना, तेही फुकटच.
पोलिस ॲक्शननंतर आणखी तिसरेच लोक आले मागायला.
ते भाले कुणासाठी होते
हे आजानं कधी सांगितलं नाही.
आठ दिवस कणगीमागं बसून होता म्हणे, भाता थंड.

आमची खूण म्हणजे मुठीजवळ तीन टिंबं,
छिन्नीचे तीन ठोके.
आजाची, बापाची, माझीही.
नालाला, विळ्याला, ऊसतोडीच्या कोयत्याला.

खड्ड्यातल्या पाण्यातून काढून
जमादारानं कोयता धडप्यावर ठेवला.
"लांबी अठरा इंच. मूठ लाकडी, तारेनं आवळलेली. बनावट?"
त्यानं माझ्याकडं पाहिलं, लोहार म्हणून.
रक्त धुऊन गेलं होतं.
टिंबं वाळूनं उलट उजळली होती.

दिवाळीआधी नेले होते, एकदम चार.
रोख पैसे, सुट्टे परत घेतले नाहीत.
पोरगं म्हणालं, काका, अशी धार लावा
की आवाज नाही झाला पाहिजे.
मी हसलो होतो.

"गावठी," मी म्हणालो.
"कुणाची, सांगता येत नाही."
फौजदारांनी मान हलवली.
चहा मागवला, मला अद्रकीचा.

सदर पंचनामा वाचून दाखवला,
तो आमचे समक्ष व खरा.
सही केली. पेन लगेच उचललं नाही.
सहीखाली तीन टिंबं टेकवली, बारीक, एका ओळीत.
"पेन गळलं का रे?"
"गळलं साहेब."
त्यांनी अंगठ्यानं पुसून पाहिलं,
मग अंगठा
पॅन्टला.