पाव फेरा

कण्हेर लावायला खड्डा खणत होते.
वीतभर खाली कुदळ खणखणली.
भाल्याचं टोक. गंजलेलं.
त्याच्याखाली अजून चार फूट कुंपण उभं आहे,
कुंपणाच्या तळाशी जुनं अंगण.
अंगणाखाली काय आहे
ते या गावात विचारत नाहीत.

गॅल्व्हस्टन म्हणजे वाळूचा एक पट्टा,
समुद्राच्या हातून सांडलेला
आणि परत उचलायचा राहिलेला.
त्यावर आधी बाजार बसला, मग गाव.
बाजारात कापूस होता,
आणि कापूस वेचणारे हातही होते,
दातांसकट तपासून घ्यायचे.

हेस्टर, माझ्या पणजोबांची आई,
परीटघरात होती जूनच्या त्या दिवशी.
कुणीतरी दारातून ओरडलं : सुटलो!
तिने अर्धवट पिळलेली चादर
आधी पूर्ण पिळली, झटकली, दोरीवर टाकली,
आणि मग खाली बसली.
अडीच वर्षं लागली होती त्या बातमीला या बंदरात यायला.
कापूस लिव्हरपूलला महिन्याभरात पोचायचा.

तिचा मुलगा लेम्युएल प्रुइट
जहाजाच्या पोटात काम करायचा.
पाच जणांची टोळी, एक लोखंडी मळसूत्र.
गच्च भरलेल्या फळीत आणखी एक गठ्ठा बसवायचा,
मग आणखी एक.
मुकादम म्हणायचा, जागा नाही.
लेम्युएल म्हणायचा, पाव फेरा.
दांड्याला खांदा लावायचा, आणि जहाज कण्हायचं.

मग सन एकोणीसशेचा सप्टेंबर.
मेलेले कुणी सहा हजार म्हणतं, कुणी आठ, कुणी बारा.
आमच्या घरात आकडा एकच :
अर्मिना, वय वर्षं चार.
बंदुका रोखून त्यांनी लेम्युएलला बार्जवर चढवलं,
प्रेतं खोल पाण्यात सोडायला.
प्रत्येक लहान पाय तो उलटून बघायचा.
तिच्या डाव्या टाचेवर डाग होता, मसुराएवढा.
समुद्राने सगळी प्रेतं परत आणून दिली.
तो पुन्हा बघत बसला.

यानंतर शहराने ठरवलं, आपण उंच व्हायचं.
तसं खरंच ठरवलं, कागदावर, सही-शिक्क्यानिशी.
मळसूत्रं घरांच्या खाली गेली.
ढोलाचा ठोका पडला की शेकडो माणसांनी एकदम
पाव फेरा.
एक जण चुकला की भिंतीला तडा.
चर्च वर गेलं, घंटा आणि देवासकट.
खाली पाइपातून गाळ सोडला, त्यात मासे, शिंपले,
कुणाचा तरी चहाचा कप, कानासकट शाबूत.
बायका फळ्यांवरून तोल सावरत दुकानात जात.
घर उचलायचा खर्च ज्याचा त्याने करायचा होता,
म्हणून लेम्युएलचं घर सगळ्यात शेवटी.
तीन रविवार, टोळीतले मित्र, मजुरी म्हणून तळलेले मासे.
कुंपण उचलायला चौथा रविवार मिळाला नाही.

खाऱ्या भरावात झाडं मेली.
लोकांनी कण्हेर लावली. विषारी,
पण मीठ सोसते.

पुढे ह्यूस्टनने कालवा खणला
आणि जहाजं आम्हाला बगल देऊन आत जाऊ लागली,
ओळखीच्या माणसाने रस्ता बदलावा तशी.
आता येतात ती सुटीची जहाजं, पंधरा मजल्यांची.
मी त्यांच्या बॅगा चढवते.
परवा एकीने विचारलं, इथे बघण्यासारखं काय आहे?
मी तिला आइस्क्रीमचं दुकान सांगितलं.

भरतीच्या दिवशी हल्ली गटारातून पाणी वर येतं,
आमच्या गल्लीत, पाऊस नसताना.
लेम्युएलचं मळसूत्र आमच्या दाराला अडणी म्हणून आहे.
माझा नातू ते फिरवत बसतो.
काहीच उचललं जात नाही त्याने,
तरी मी स्वयंपाकघरातून ओरडते,
पावच फेरा रे, पावच,
आणि सगळ्यांबरोबर.

भाल्याचं टोक मी तसंच ठेवलं.
कण्हेर जरा बाजूला लावली.