वरचा दिवा

तीन दिवस पाहुण्यांची ने-आण केली,
गंगापूर रोडचं हॉटेल ते सभागृह.
बावीस देशांची माणसं, विषय एकच: रंग.

मागच्या सीटवर लिस्बनच्या बाई
कोंडाजी चिवड्याची पुडी फोडता फोडता
दुभाष्या पोराला समजावत होत्या,
काहींना लाल-हिरवं वेगळं दिसतच नाही
आणि हे येतं आईकडून.
आईला स्वतःला मात्र सगळं नीट दिसतं.

मी आरसा उगाच हलवला.

सिग्नलला मी रंग बघत नाही, जागा बघतो.
वरचा दिवा थांब, खालचा चल.
एकवीस वर्षांत गाडीला ओरखडा नाही.

आई भद्रकालीत लुगडं घ्यायला न्यायची.
विचारायची, कुठलं रे घेऊ, सुकदेव?
मी दाखवीन तेच घ्यायची,
तेच नेसून लग्नांना जायची.
बायका हसायच्या.
ती पदर सारखा करायची, बस.

परवा लेकीच्या मुलानं पोपट रंगवला.
सगळे म्हणाले, अरे, तपकिरी कसा?
मला तर तो हिरवाच वाटला.

निघताना बाईंनी विचारलं,
तुम्ही आत का नाही आलात ऐकायला?
म्हटलं,
गाडी लावायला जागा नव्हती.