फुली मारलेली काच

हातमोजे चढवायच्या आधी
नवार्द बाई बोटांवर फुंकर मारायच्या.
ग्युमरीचा हिवाळा, आणि संग्रहालयाच्या तळघरात
शेगडीला मनाई: ऊब लागली की म्हणे
काचेवरचं चित्र सुटून येतं,
सायीसारखं.

मी ब्रश धरायचो, त्या दिवा.
सेद्राक फोटोवाल्याच्या चौदाशे काचा,
जर्दाळूच्या खोक्यांत, वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या.
भूकंपात त्याचं अख्खं दुकान बसलं,
ह्या मात्र राहिल्या, कुठे एखादा टवका.
नशीब, मी म्हणालो.
सुतार म्हण, त्या म्हणाल्या.

काळ्याचं पांढरं, पांढऱ्याचं काळं.
काळ्या झग्यातल्या नवऱ्या, दातही काळे,
एक न्हावी, गळ्यात पदक घातलेला बोकड,
एक शिपाई, ज्याच्या गालावरचे देवीचे व्रण
सेद्राकनं शिसपेन्सिलीनं एकेक करून बुजवलेले.
बाई भिंगातून ठिपके मोजायच्या.
"हे बघ, इथे दमला.
इथे चहाला उठला."

दोनशे सतरा नंबरला हात थांबले.
मुलगी, खांद्यावर वेणी, हात खुर्चीच्या पाठीवर,
आणि चेहऱ्यावर
खिळ्यानं ओढलेली फुली.

साल छत्तीस. बाईंनी निबंध लिहिला, बारा पानी:
रातोरात नेलेली माणसं, भ्यालेली घरं,
आपल्याच आल्बममधले चेहरे कातरणाऱ्या बायका.
येरेवानला वाचला तेव्हा मागच्या रांगेत कुणी रडलं.
मलाही पटला होता. अजूनही
बराचसा पटतो.
प्रदर्शनात ती काच मधोमध लावली, मागे दिवा.

तिसऱ्या दिवशी हायकानुश आली,
काठी टेकत, कोटावर बर्फ तसाच.
काच पाहून आधी हसली.
"सिरवार्द. माझी थोरली.
डोळा मिटला तिचा, डावा. तुमच्या काचेत उजवा.
भांडली सेद्राकशी, पुन्हा काढ म्हणाली, फुकट.
खिळा तिनंच घेतला त्याच्या हातातून."
मग जरा थांबून,
"दुसरा छान आला होता. तो घरात होता."

घर कुठे होतं
ते ग्युमरीत कुणी विचारत नाही.

बाईंनी भिंग काढलं.
रेघा एकमेकींना छेदत होत्या
नेमक्या त्या पापणीवर.
बारा पानांत डोळ्याचा उल्लेख नव्हता.

"उतरवा," म्हातारी म्हणाली.
"एकदा नाही म्हणाली होती ती."
"पण आता हा एकच उरलाय."
"ते मला सांगता?"

संध्याकाळी उतरवली, आम्ही दोघांनीच.
नोंदवहीत मी लिहिलं:
२१७. सिरवार्द. नामंजूर. डोळा मिटला.
बाईंनी वाचलं, 'नामंजूर'च्या आधी
'स्वतःकडून' घातलं, त्यांच्या शाईनं.
निबंध मागे घेतला नाही त्यांनी. एक तळटीप जोडली,
ती लांबत चाललीय. परवा विचारलं
तर म्हणाल्या, सतरावं पान.

दिवा मात्र काढायचा राहिला.
भिंतीवर नुसता पांढरा चौकोन, आणि शाळेची सहल.
मुलांना वाटलं, हाही फोटोच.
एक पोरगी पुढे सरकली, दोन्ही हात गुंफून
तिनं त्यावर कुत्रा केला.
तो भुंकला.
नवार्द बाई दारात उभ्या होत्या,
काही बोलल्या नाहीत.